टाचांचा खड्डा

शिडीला नोकरी नाकारली, आणि तीही उंची कमी म्हणून, ही बातमी गल्लीत आली तेव्हा न्हाव्याचा वस्तरा गिऱ्हाईकाच्या गालावर जागच्या जागी थांबला. गल्लीत कुणाचा दिवा गेला तर लोक स्टूल शोधत नसत, शिडीला हाक मारत. त्या ताडमाड पोरीचं नावच ते पडलं होतं. दारातून आत जाताना ती मान वाकवायची आणि बाहेर येताना हमखास विसरायची. त्यामुळे गल्लीतल्या बहुतेक चौकटींना पोचे आलेले होते. चौकटींना, तिच्या कपाळाला नव्हे.

अर्ज होता अग्निशमन दलात, आणि वयाची अट बघता ही शेवटची भरती. पूर्वी त्या कार्यालयात नाकारलेल्याला नुसती मान हलवून घरी पाठवत. पुढे कोर्टानं दटावलं, की नाकारायचं तर कारण सांगा आणि दाद मागू द्या. तेव्हापासून ते कारण सांगू लागले. कारण सांगितलं की न्याय झाला, अशी त्यांची अगदी प्रामाणिक समजूत होती.

शिडी दाद मागायला निघाली तशी मामानंही चपला घातल्या.

"तू नको येऊस मामा. उगाच डोकं फिरेल तुझं."

"भांडायला नाही येत. ती भिंत एकदा बघायचीय."

मामालाही तरुणपणी त्याच कार्यालयातून परत पाठवलं होतं. कारण कुणी दिलं नाही, पण मोजणीदारानं दोन बोटांत एवढीशी फट धरून दाखवली होती. ती फट मामानं जन्मभर वागवली. घरात त्याचं नाव बुटकामामा पडलं. लग्नाच्या फोटोत तो खोक्यावर उभा राहिला. पुढे छत्र्या दुरुस्त करायला बसला, आणि वाकून वाकून पाठीनं छत्रीच्या मुठीचा आकार घेतला.

मोजणीच्या खोलीत भिंतीवर लाकडी पट्टी ठोकलेली, तिच्यावर लाल रेघ आणि खाली फरशीवर पांढऱ्या रंगानं काढलेली दोन पावलं. मोजणीदार तोच, फक्त केस गेलेले. साहेब उशी घातलेल्या खुर्चीत बसले होते, तरी टेबलाच्या कडेशी त्यांची हनुवटीच लागत होती.

"अपील म्हणजे पुन्हा तेच, फक्त माझ्यासमोर," साहेब म्हणाले. "उभ्या राहा बाई. नजर समोर. उमेदवारानं खाली बघायचं नाही, नियम आहे."

शिडी पावलांवर उभी राहिली. मोजणीदारानं सवयीनं तिचे खांदे दाबले. डोकं रेघेच्या खाली.

पण मामा उमेदवार नव्हता. त्यानं खाली बघितलं.

"अगं, तू पायरी उतरलीस की काय? तुझे घोटे कुठे गेले?"

खरंच गेले होते. पावलं काढली होती तिथं फरशीत चांगला खड्डा होता.

"खड्डा नाही तो, झीज आहे," मोजणीदार शांतपणे म्हणाला. "उमेदवार टाचा उचलतात, मी खांदे दाबतो, ते टाचा घासतात. दगडानं तरी किती सोसायचं? पण मी दरवर्षी आतून रंग देतो हो. मागं मांजर व्याली होती यात. पिल्लांचे डोळे उघडेपर्यंत भरती थांबवली होती आम्ही."

मामानं खाली बसून कडेला दोन बोटांत तीच जुनी फट धरली. "माझ्या वेळी एवढाच असणार," तो स्वतःशीच म्हणाला.

"मग पास तरी कोण होतं?" शिडीनं विचारलं.

मोजणीदाराची नजर दारामागच्या फळीकडे गेली. फळी पायांनी गुळगुळीत झाली होती. "वशिल्याची चिठ्ठी घेऊन येतात त्यांना ही फळी देतो पायाखाली. सगळ्यांनाच दिली तर चिठ्ठीला काय किंमत?"

साहेब खाकरले. "हे बघा, खड्डा बुजवता येणार नाही. आज बुजवला तर आजवर नाकारलेल्यांवर अन्याय होईल."

"मी त्यातलाच आहे साहेब," मामा म्हणाला. "माझी काही हरकत नाही."

"तुमची नसेल, नियमाची आहे. सगळ्यांना एकच खड्डा. याला समानता म्हणतात."

"पटलं," शिडी म्हणाली. "मग नोकरीत आहेत त्यांनाही मोजा. तुमच्यापासून सुरुवात करू."

साहेबांच्या ते वर्मी लागलं. ते पहिल्या तुकडीतले, फरशी कोरी आणि फळी नवी असतानाचे. "याच भिंतीवर पास झालेला माणूस आहे मी," म्हणत ते तरातरा आले आणि खड्ड्यात उतरले. मोजणीदाराचे हात सवयीचे. त्यानं खांदे दाबले. गल्लीत सांगतात की साहेबांची नुसती टोपी वर राहिली. हे जरा अती झालं, नाकही दिसत होतं.

"अपात्र," मोजणीदारानं ओरडून सांगितलं. मग जीभ चावली. "साहेब, पण अपात्र माणसानं दुसऱ्याला नाकारलेलं चालतं का?"

साहेबांना शिडीनं एका हातानं वर काढलं. दुपारी साहेबांच्याच हुकमानं गवंडी आला. खर्च देखभाल-दुरुस्तीत टाकला, कारण अन्यायाच्या दुरुस्तीसाठी सरकारात वेगळी सोय नव्हती. सिमेंट वाळल्यावर शिडी उभी राहिली, तेव्हा रेघ तिच्या कानाशी आली. टाळू बघायला मोजणीदाराला त्याच फळीवर चढावं लागलं.

"आता मला मोजा," मामा म्हणाला.

"तुमचं वय उलटून गेलं हो."

"नोकरी कोण मागतंय? नुसतं मोजा."

त्यानं चपला काढल्या, टाचा टेकवल्या, नियमाप्रमाणे नजर समोर ठेवली. डोकं रेघेच्या कितीतरी खाली. मग मामानं श्वास घेतला आणि पाठ सरळ करायला लागला. जुनी छत्री उघडावी तशी एकेक काडी कुरकुरत वर गेली. मोजणीदाराचे हात सवयीनं खांद्यांकडे निघाले. शिडीनं त्याचं मनगट धरलं.

"आज नको."

"किती?" मामानं समोर बघतच विचारलं.

मोजणीदारानं पट्टीकडे बघितलं, मग शिडीकडे. "बोटभर जास्त," तो म्हणाला.

खरं काय ते वरून एकट्या शिडीला दिसत होतं. तिनं मामाच्या चपला त्याच्या पायांपुढे सरकवल्या.

बाहेर पडताना मामानं चौकटीखाली मान वाकवली.