भिंतीखालची जागा

दोघा भावांचं गेल्या सात वर्षांत एकाच गोष्टीवर एकमत झालं होतं, ते म्हणजे बागेच्या मधोमध भिंत हवी. तेही त्यांनी एकमेकांना सांगितलं नव्हतं. दोघांनी वेगवेगळे फोन करून बहिणीला सांगितलं, कारण बागेतल्या भिंतींचे आराखडे करणं हा तिचा धंदाच होता.

ती टेप, दोरी, खुंट्या आणि उगाचच थोडीशी आशा घेऊन आली. वडिलांनी बाग दोन मुलग्यांत वाटली तेव्हा तिला काही ठेवलं नव्हतं. "तुला शिकवलं ना," असं म्हणाले होते. शिकवलं मुलग्यांनाही होतं, पण ते नापास झाल्यामुळे हिशेबात धरलं नव्हतं. तिला फार काही नको होतं. या घरी आल्यावर "इथे बसू का?" असं न विचारता बसता येईल, एवढी जागा हवी होती.

"बागेतली भिंत एकटी असते," तिने दोघांना समजावलं. "वर छप्पर नाही, बाजूला खोली नाही, धरायला कुणी नाही. वारा आला की तिचा तिनेच सोसायचा. म्हणून पाया दोन फूट रुंद लागेल, आणि ठरावीक अंतरावर खांब."

"चिमे, त्याला विचार, पाया कुणाच्या जागेत?" थोरला म्हणाला. 'तो' हातभर अंतरावर उभा होता.

"ताई, त्याला सांग, त्याच्या," धाकटा म्हणाला. धाकट्याला सगळे छोटू म्हणत. तो एक्कावन्न वर्षांचा होता.

दोन दिवस ती मधे उभी राहून वाक्यं इकडून तिकडे पोचवत राहिली. 'गाढव' हा शब्द तिने दोन्ही दिशांना सारख्याच वेळा नेला. पायाचं भांडण मिटेना, तेवढ्यात खांबांचं निघालं. खांब भिंतीच्या एका अंगाला पुढे येतात. पुढे म्हणजे चार इंच. ते चार इंच जणू आपल्या छातीत घुसणार आहेत, अशा आवाजात दोघं बोलत होते.

शेवटी थोरल्या वहिनीने चहाचे कप ठेवता ठेवता तोडगा काढला. "भिंतीखालची जागा वन्संच्या नावावर करून टाका की. नाहीतरी तिथे कुणाला काय करता येणारे?"

दोन्ही भावांनी एकाच वेळी मान हलवली आणि तसं झालेलं लक्षात येताच दोघांनीही ती थांबवली. छोटूने कागदावर लिहिलं: भिंत पक्की उभी राहायला जेवढी रुंदी लागेल, तेवढी जागा बहिणीची.

"किती लागेल?" तिने विचारलं.

"ते तूच ठरव ना ताई. त्यातलं तुलाच कळतं."

दोघांनी सह्या केल्या. "घे, आता तूही मालकीण झालीस," थोरला हसून म्हणाला. "फक्त तिथे पाय ठेवायला जाऊ नकोस. भिंत असेल."

ती हसली नाही. या घराच्या कुठल्याही कागदावर तिचा उल्लेख पहिल्यांदाच आला होता. तिने तो चार वेळा वाचला आणि आराखड्याला बसली. नागमोडी भिंत! वळणांमुळे ती स्वतःच स्वतःला धरते, मग खांब नकोत आणि एका विटेची जाडीसुद्धा पुरते. फक्त वळणांना रुंदी लागते. तीन फुटांत भागलं असतं, हे तिला चांगलं माहीत होतं. पण पेन्सिल तीन फुटांवर थांबली नाही. पाच फुटांवर वळणाच्या पोटात एक खुर्ची बसली. सात फुटांवर टेबल. अकरा फुटांवर पाहुणीसुद्धा आली असती.

सकाळी तिने बागेत खुंट्या ठोकल्या, दोरी ताणली आणि चुन्याची फक्की टाकली. गवंडी आला आणि ती पांढरी रेघ बराच वेळ बघत राहिला.

"बाई, ही भिंत आहे की अजगर?"

"उभी राहील ना?"

"न राहायला काय झालं? पण उभी कमी नि आडवीच जास्त दिसतेय."

रेघ एकीकडे थोरल्याच्या कपडे वाळवायच्या दोरीखालून गेली होती आणि दुसरीकडे छोटूच्या स्वयंपाकघराच्या खिडकीला नाक लावून परतली होती. भाऊ आपापल्या दारांतून बाहेर आले. थोरल्याने सवयीने "चिमे, त्याला म्हणावं" अशी सुरुवात केली आणि थांबला. मग सात वर्षांत पहिल्यांदा त्याने मान वळवली.

"छोटू, बघितलंस का हे?"

"बघतोय ना दादा."

"म्हणजे आपल्याला हिने..."

"आपल्याला," छोटू म्हणाला.

"कागदावर तुमच्या सह्या आहेत," ती म्हणाली. "जेवढी रुंदी लागेल तेवढी."

थोरल्याने कागद मागून घेतला, नीट वाचला, आणि फाडलाबिडला नाही. तो सभ्य माणूस होता. "बरोबर आहे," तो म्हणाला. "पण आता आम्हाला भिंतच नको. भिंत नाही म्हणजे तिला लागणारी रुंदी शून्य. तेवढी तुझी." आणि त्याने कागद तिला परत दिला.

छोटूने चपलेने फक्की पुसायला घेतली. थोरला दुसऱ्या टोकाकडून आला. मधे कुठेतरी ते भेटले आणि थोरल्याने त्याच्या पाठीवर थाप मारली. गवंडी थापी पिशवीत घालून निघून गेला. वहिनी डोळे पुसत म्हणाली, "वन्सं, तुमचे उपकार आहेत हो. मामंजींना जमलं नाही ते तुम्ही केलंत." मग आत जाऊन तिने दोन पानं वाढली. भाऊ व्हरांड्यात शेजारीशेजारी बसले आणि लहानपणीचं काहीतरी आठवून खो खो हसायला लागले. ज्या तुटून पडलेल्या झोपाळ्याची आठवण काढून ते हसत होते त्यावर तीही होती, पण त्यांच्या आठवणीत दोघंच होते.

ती खुंट्या उपटत होती. त्या तिच्या होत्या, धंद्याच्या. सदतीस भरल्या. दोरी गुंडाळून झाली, तेव्हा व्हरांड्यातून थोरल्याने तोंडात घास असतानाच हाक मारली.

"चिमे, ती भोकं तेवढी बुजवून जा. कुणाचातरी पाय मुरगळेल."

तिने पिशवी खाली ठेवली आणि पहिल्या भोकापाशी जाऊन टाचेने माती ढकलायला सुरुवात केली.