फटींतला कापूस

मिस्त्रीला जहाजाच्या फटी बघवत नसत. सगळं बिघडलं ते इथूनच, पण तेव्हा कोणालाही ते बिघडणं वाटलं नाही. उलट पुढे सगळ्यांनी कौतुकच केलं.

जहाज काही साधंसुधं नव्हतं. तीनशे वर्षांपूर्वी याच बंदरातून एक शिडाचं जहाज लांबच्या सफरीला निघालं होतं, त्याची ही हुबेहूब प्रतिकृती. तेवढीच लांब, तेवढीच उंच, लाकूडसुद्धा त्याच जातीचं. गावातल्या हौशी मंडळींनी समिती काढली, अध्यक्ष नेमला, यथेच्छ भाषणं ठोकली, आणि खरं काम आलं ते मिस्त्री आणि त्याच्या मुलाच्या गळ्यात. मुलगा फासळ्या करायचा. जाड लाकूड वाफेवर मऊ करून तो असं वाकवायचा, की बघणाऱ्याला वाटावं लाकूडच आपणहून वळतंय. प्रत्येक फासळीवर आतल्या अंगानं पटाशीची एक आडवी रेघ मारायचा, आपल्या हातची खूण म्हणून. बापाकडे फळ्या. त्या फासळ्यांवर ठोकायच्या, बाहेरून दोन फळ्यांमधल्या फटीत कापसाचा पीळ लाकडी मोगरीनं ठासायचा आणि वर डांबर फासायचं. बापलेक दिवसभर भांडायचे आणि दुपारी एकाच डब्यातून जेवायचे.

भांडणाचं कारण बहुतेक एकच असायचं.

"बाबा, एवढं ठासू नका हो. लाकूड पाण्यात गेलं की फुगतं. त्याला अंग पसरायला जागा ठेवा की!"

"तू मला शिकवू नकोस. तुझ्या जन्माआधीपासून फटी भरतोय मी."

"भरा, पण हलक्या हातानं. थोडे दिवस गळू दे त्याला. मग फटी आपोआप मिटतील."

मिस्त्री पुटपुटायचा, पण हात हलका करायचा. पोराचं बरोबर आहे हे त्याला कळत होतं. पोराच्या तोंडावर ते कबूल करायचं म्हणजे जिवावर यायचं, एवढंच.

मग मुलगा गेला. साधा ताप. अंग दुखतंय म्हणून घरी राहिला तो पुन्हा कामावर आलाच नाही. मागे राहिली सून, म्हातारा आणि पत्र्याच्या शेडमधलं ते भलंमोठं जहाज. डोलकाठ्या तेवढ्या उभ्या करायच्या होत्या. समितीचा उत्साह हळूहळू आटला, अध्यक्ष दिसेनासे झाले. मिस्त्री मात्र रोज शेडवर जायचा. लोक चेष्टा करायचे, "काय मिस्त्री, जहाज तिकडे जात नाही तर समुद्रच उचलून इकडे आणताय का?" मिस्त्री हसायचा. हसायला काय लागतं!

उन्हाळ्यात पत्रा तापला की लाकूड सुकायचं आणि फळ्यांमध्ये फटी पडायच्या. मिस्त्री आत उभा राहिला की त्या फटींतून उन्हाच्या तिरिपी पोराच्या फासळ्यांवर पडायच्या. आपल्या पोराचं शेवटचं काम असं उघडं पडलेलं त्याला सोसवत नसे. मग तो बाहेर जाऊन मोगरी उचलायचा. सून शेजारी बसून कापूस वळून द्यायची. नवऱ्याचा विषय ती काढत नसे, मुलाचा विषय हा काढत नसे. ती पीळ पुढे करायची, हा ठासायचा. पुढच्या उन्हाळ्यात नव्या फटी, पुन्हा नवा कापूस. एवढी वर्षं लाकडी जहाज कोरड्यावर कोणी ठेवतच नाही, त्यामुळे किती भरलं म्हणजे फार झालं हे सांगायलाही कोणी नव्हतं. ज्याला सांगता आलं असतं तो नव्हता.

अखेर नवे अध्यक्ष आले आणि त्यांच्या अंगात वारं शिरलं. डोलकाठ्या उभ्या राहिल्या, शिडं आली, आणि एका सकाळी वाजतगाजत जहाज उतारावरून पाण्यात गेलं. गेलं ते राजहंसासारखं तरंगलं. सगळे धावत तळाशी उतरले. आत एक थेंब नाही! लोकांनी तोंडात बोटं घातली. अध्यक्षांनी मिस्त्रीला मिठीच मारली.

शिडं शिवणाऱ्या काकू तेवढ्या तळाच्या फळीवरून हात फिरवत राहिल्या. "नवं जहाज जरा गळतंच, मिस्त्री. हे अजिबातच कसं गळत नाही?"

"माझ्या हातचं आहे, काकू," मिस्त्री म्हणाला. त्याच्या अंगावर मूठभर मांस चढलं होतं. सून पदरानं डोळे पुसत होती. घरी जाताना म्हणाली, "ह्यांनी बघायला हवं होतं." किती वर्षांनी तिनं त्याचा विषय काढला होता.

दोन-तीन दिवस गेले. पहिल्या सफरीची तयारी चालली होती. मिस्त्री आणि सून तळाशी केरकचरा काढत असताना कडाड असा आवाज झाला. मिस्त्रीला वाटलं, वर कोणी ओंडका टाकला. मग दुसरा आवाज आला, आणि तो वरून नव्हता.

त्यानं फासळीवर हात ठेवला. ती आडवी तडकली होती. चीर बरोबर पोरानं मारलेल्या रेघेतून गेली होती. मिस्त्री शेजारच्या फासळीवर, मग तिच्या पुढच्या फासळीवर हात फिरवत गेला.

"काय झालं, बाबा?"

"फळ्या फुगल्या, पोरी. फुगून जायचं कुठे? जागा कुठे ठेवलीय मी? त्या एकमेकींना रेटतायत आणि फासळ्या मोडतायत." त्यानं पोराच्या रेघेवर बोट ठेवलं. "ठासू नका म्हणत होता तो. मी त्याचंच काम मोडलं गं."

सुनेनं स्वतःच्या हातांकडे पाहिलं. पीळ तिनंच वळले होते.

मिस्त्री धावत अध्यक्षांकडे गेला. जहाज वर काढा, कापूस उपसू द्या, म्हणून गयावया केली. कापूस बाहेरच्या बाजूला होता आणि बाहेर आता समुद्र होता. अध्यक्षांना आधी ते खरंच वाटेना. आत थेंबभर पाणी नाही आणि हा म्हातारा मोडलं मोडलं काय म्हणतोय! मग स्वतः येऊन पाहिलं, तेव्हा खालीच बसले. जहाज उतारावर ओढून घ्यायला मोठी भरती लागते, आणि ती अमावस्येला यायची होती. तोवर कोणाच्याच हातात काही नव्हतं.

मिस्त्री पुन्हा तळाशी आला. सून एका धड फासळीला पाठ लावून बसली होती. तो तिच्याशेजारी बसला. मधूनच कुठेतरी कडाड व्हायचं आणि दोघं दचकायची. कधीकधी बराच वेळ काहीच व्हायचं नाही. मिस्त्रीला वाटायचं, संपलं, आता थांबलं. मग पुन्हा व्हायचं.

दुपारी समोरची एक फळी मोडक्या फासळ्यांवरून सुटली आणि तिच्या कडेनं पाण्याची बारीक धार आत आली. मिस्त्री उठला. त्यानं कोपऱ्यातला कापूस घेतला, मोगरी घेतली आणि त्या फटीकडे निघाला. आपण काय करतोय हे त्याचं त्यालाही कळत नव्हतं.

सुनेनं त्याचं मनगट धरलं.

"राहू द्या, बाबा. जागा ठेवा म्हणत होते ना हे. आता तरी राहू द्या."

मिस्त्रीनं मोगरी खाली ठेवली आणि लहान पोरासारखा ढसाढसा रडला. पाणी आत येत राहिलं. सून त्याचा हात धरून बसली होती, आणि पुढची फासळी मोडली तेव्हा दोघांपैकी कोणीच मान वर केली नाही.