दिलीपच्या गाडीचा सेल्फ

किल्ली हेमचंद्रच्या खिशात होती. त्यानं दोनदा चाचपून खात्री केली आणि मग प्लास्टिकच्या उलट्या क्रेटवर बसून तो गाडीकडे बघत राहिला. पावणेसात होऊन गेले होते. नोव्हेंबर असल्यानं बाहेर अजून उजाडलं नव्हतं, आणि गॅरेजच्या दाराखालच्या फटीतून धुकं आत येऊन फरशीवर पसरत होतं. घरात जाणारा जिना गॅरेजमध्येच उतरत होता. त्याच्या शेवटच्या पायरीवर जयंती अंगाभोवती शाल गुंडाळून उभी होती. ती पायरी काही ती उतरत नव्हती.

"आता," ती हळूच म्हणाली.

बाहेरच्या रस्त्यावरून काहीतरी जड वाहन गेलं. भिंतीला टांगलेल्या सायकलचं चाक किंचित थरथरलं. आणि गाडी कण्हली. कर्र... कर्र... असा अर्धामुर्धा, ओढून काढल्यासारखा आवाज. आवाजाबरोबर गाडीचं अंग एका बाजूला कलून परत सरळ झालं, दार उघडून कुणी आत बसलं की होतं तसं. आतल्या दोन्ही सीट रिकाम्या होत्या. हेमचंद्र उठून उभा राहिला. थोड्या वेळानं पुन्हा एकदा. मग बराच वेळ काहीच नाही, आणि संपलं असं वाटत असताना शेवटचा एक आवाज, अगदी क्षीण.

एकोणीस वर्षं चिंचवडला ऑटो इलेक्ट्रिकचं दुकान चालवलेला माणूस तो. आपोआप वाजणारे हॉर्न, आपोआप लागणारे दिवे त्यानं चिक्कार पाहिले होते. तरी त्या क्षणी त्याचा हात नकळत खिशातल्या किल्लीकडे गेला.

"ऐकलंत ना?" जयंतीनं विचारलं.

"ऐकलं, वहिनी."

तिनं डोळे मिटून घेतले. एवढंच तिला हवं होतं, असं त्याला वाटलं.

जयंतीचा नवरा दिलीप फेब्रुवारीत याच गाडीत वारला होता. रेल्वेचा संप होता, म्हणून अ‍ॅमस्टरडॅमच्या ऑफिसला त्या दिवशी गाडी घेऊन निघाला होता. सातला दहा मिनिटं कमी असताना तो खाली उतरला. रॉटरडॅमजवळच्या कापेलमधल्या या घरांची रचनाच अशी की तळाशी गॅरेज आणि बरोबर त्याच्या डोक्यावर स्वयंपाकघर. जयंती वर कानात हेडफोन अडकवून बंगलोरच्या लोकांशी मीटिंगला बसत होती. खालून गाडी चालू होत नसल्याचा आवाज येत राहिला. ही तीस वर्षांची खटारा गाडी भंगारात दे, असं तिनं त्याला कितीदा तरी सांगितलं होतं. मग आवाज थांबला. मिळाली असेल कुणाची तरी गाडी, असं समजून ती मीटिंगमध्ये गुंतली. साडेनऊला कचऱ्याची पिशवी घेऊन खाली आली, तेव्हा तो स्टिअरिंगवर डोकं टेकून बसलेला होता.

हाउसआर्ट्स, म्हणजे त्यांचे नेहमीचे डॉक्टर, म्हणाले की हृदय बंद पडलं, सगळं क्षणात झालं असणार. अँब्युलन्सवाले तेच म्हणाले. आइंडहोवनला शिकणारी मुलगी संहिता, ऑफिसमधले लोक, मराठी मंडळातल्या बायका, सगळ्यांनी तेच सांगितलं. आणि आता तीन आठवड्यांपासून रोज त्याच वेळी गाडी हा आवाज करू लागली होती. जयंतीनं मुलीला सांगितलं, तर मुलगी इंग्रजीत म्हणाली की आई, तू थोडी रजा घे. डॉक्टरांनी झोपेच्या गोळ्या लिहून दिल्या. तेव्हा तिनं हेमचंद्रला फोन केला. दुरुस्त करायला नको, म्हणाली, नुसतं ऐकायला या.

हेमचंद्रला असे फोन येत. सुचेताला, त्याच्या बायकोला, रॉटरडॅमच्या एका विमा कंपनीत नोकरी लागली आणि दुकानाचं शटर ओढून तो तिच्या मागे आला. इथं आल्यावर त्याची कागदोपत्री ओळख 'बायकोचा डिपेंडंट' एवढीच होती. दोन वर्षं त्यानं काचघरात टोमॅटो पेट्यांत भरले. मग स्वतःच्या नावानं धंद्याची नोंदणी केली, पुढे पेटी असलेली मालवाहू सायकल घेतली, तिच्यात हत्यारं भरली आणि जुन्या गाड्या लोकांच्या दारात जाऊन दुरुस्त करू लागला. मंडळाच्या जेवणात बाकीचे पुरुष घरकर्जाचे व्याजदर बोलत, तेव्हा तो ताट हातात धरून भिंतीशी उभा असे. दिलीप तेवढा त्याच्याजवळ येऊन उभा राही. आर्मेचर, म्हणजे मोटरचा तार गुंडाळलेला फिरता गाभा, कसं गुंडाळतात, असलं काहीतरी विचारी, आणि खरोखर ऐकून घेई.

"गाडी उघडू का?" हेमचंद्रनं विचारलं.

"उघडा. मी इथंच थांबते."

आधी त्यानं मीटर लावून बॅटरी तपासली. ती ठणठणीत होती. शेजारच्या म्हाताऱ्या डच गृहस्थानं बॅटरी मरू नये म्हणून मार्चमध्येच चार्जर लावून दिला होता, तो तसाच राहिला होता. गिअर न्यूट्रलमध्ये होता, दिलीपनं ठेवला तसा. हेमचंद्रनं चार्जर काढला, बॅटरीची निगेटिव्ह केबल सोडवली आणि चिंधी गुंडाळून लांब सारली. आता या गाडीत वीज म्हणून उरली नव्हती. तरी पुढचा भाग जॅकवर उचलून खाली आधाराच्या लोखंडी घोड्या लावताना त्यानं एरवीपेक्षा जास्त वेळ लावला.

पाठीवर सरकत तो गाडीखाली गेला. डोक्याला लावलेल्या दिव्यात इंजिनाच्या कडेला सेल्फ, म्हणजे इंजिन चालू करणारी मोटर, दिसला, तेलकट, मुठीएवढ्या दोन डब्यांसारखा. खालचा बोल्ट सहज सुटला. वरचा दिसत नव्हता, तो बोटांनीच शोधायचा होता. पाना वर घालून त्यानं मान वळवली, आणि थबकला.

ड्रायव्हरच्या दाराशी बूट होते. काळे, पॉलिश केलेले, टाचा जोडून, टोकं गाडीकडे. दाराशी उभं राहून कुणी आत वाकून पाहावं तसे.

धुकं त्यांच्या घोट्यांपर्यंत आलं होतं, असं त्याला वाटलं, आणि मग कळलं की घोटे नव्हतेच. बूट रिकामे होते.

"वहिनी," तो खालूनच म्हणाला, "इथं बूट आहेत."

"त्याचेच आहेत. अँब्युलन्सवाल्यांनी काढून ठेवले असतील. मी खाली आलेलेच नाही तेव्हापासून."

हेमचंद्रनं वरचा बोल्ट शोधला. बोल्ट सुटला, सेल्फचं वजन त्याच्या छातीवर आलं, आणि ते दोन्ही हातांनी धरून तो बाहेर सरकला, बूट नव्हते त्या बाजूनं.

तोवर खिडकीत राखाडी उजेड आला होता. बॅटरी उतरवून, सेल्फ पायाखाली दाबून धरून त्यानं जम्परच्या वायरींनी दोन्ही थेट जोडून पाहिले. टक् असा आवाज झाला, फिरणं नाही. आतला दांडा बोटानं थोडा फिरवून पुन्हा वीज दिली, तेव्हा तो उसळी मारून फिरला. पुन्हा थांबवला, पुन्हा टक्. म्हणजे एका जागी मेलेला होता. उघडल्यावर कारण दिसलं. वीज आत पोचवणारे कार्बन झिजून नखाएवढे राहिले होते आणि आर्मेचरवरची एक पट्टी जळून काळी पडली होती. ही आजची गोष्ट नव्हती. वर्षभर तरी तो दिलीपला चार-चार वेळा किल्ली फिरवायला लावत असणार. वरच्या डबीतला दट्ट्या मात्र मोकळा होता, स्प्रिंग शाबूत होती. वीज तुटली की तो मागे येत होता, कुठंही चिकटत नव्हता.

मग विजेविना हलू न शकणाऱ्या या यंत्राला रोज सकाळी वीज देत होतं कोण?

तो पुन्हा खाली वाकला. किल्लीकडून येणारी बारीक वायर त्यानं उजेडात ओढली आणि बराच वेळ बघत राहिला. वायरच्या वरचं प्लास्टिक बोटभर लांबीचं कुरतडलेलं होतं. बारीक दातांच्या रांगा स्पष्ट दिसत होत्या. इंजिनाच्या मागच्या खोबणीत बॉनेटखालच्या कापसाचं घरटं होतं आणि काळ्या लेंड्या. ही उघडी वायर बॅटरीच्या जाड केबलच्या टोकापासून केसाच्या अंतरावर लोंबत होती. कापेलची जमीन म्हणजे खाली सगळा ओला दलदलीचा चिखल, जड गाडी गेली की घर हलतं. मघाशी गेली ती सकाळची पहिली बस असणार; ती रिकामी असते, म्हणून जोरात जाते. जमीन थरथरली की वायर केबलला शिवत होती, थरथर विरेल तशी कमी कमी.

दिवसभर बाकीच्या बस जातात, तेव्हा हे का होत नाही, याचं उत्तर त्याच्याकडे अर्धंच होतं. दव असेल पहाटेचं. असेल.

त्यानं जयंतीला सगळं समजावून सांगितलं. ती तोवर पायरीवरच बसली होती. उंदीर, वायर, बस, हे तिनं शांतपणे ऐकलं, मध्ये एक-दोन नेमके प्रश्न विचारले.

"म्हणजे आजचा आवाज उंदरामुळे."

"हो."

"आणि फेब्रुवारीतला?"

हेमचंद्र चिंधीनं बोटं पुसू लागला. उंदीरच, वहिनी, हे त्याच्या जिभेवर तयार होतं. एका शब्दाचं काम होतं. दिलीपनं एकदा किल्ली फिरवली, तिथंच संपला, पुढचं सगळं उंदराचं. या घरात, या देशात त्याच्याशिवाय कुणालाही ते खोटं ठरवता आलं नसतं. तिनं विश्वास ठेवला असता. अडचण तीच होती.

"मी तेव्हा मोजलं नव्हतं," जयंती म्हणाली. "नंतर मोजलं. मनात परत परत ऐकून. नऊ वेळा. आणि दोन आवाजांमधला वेळ वाढत गेला होता. सगळे मला म्हणतात तो क्षणात गेला. मग मी ऐकलं ते काय होतं, दादा? का ऐकलंच नाही मी काही?"

तो तिच्या पुढ्यात उकिडवा बसला आणि कापून आणलेला वायरचा तुकडा तिच्या हातात दिला.

"तांबं बघा. उघडं पडलेलं तांबं इथल्या ओल्या हवेत महिन्याभरात काळवंडतं, पुढं हिरवं होतं. हे अजून चकाकतंय. तीन आठवड्यांपूर्वी कुरतडलेलं आहे हे, फार तर चार. फेब्रुवारीत वायर धड होती. आणि सेल्फ अडकून राहणारा नाही, ते मी उघडून बघितलंय. किल्ली फिरवल्याशिवाय तो हलला नसता."

"नऊही वेळा?"

"नऊही वेळा."

तिनं वायर उजेडाकडे धरली. वरच्या मजल्यावर फ्रिज सुरू झाल्याचा आवाज आला, थांबला. हेमचंद्रला वाटलं आता ती रडेल, आणि आपण सायकल काढून निघून जावं की थांबावं, ते त्याला कळेना.

"खूप वेळ होता तो," ती शेवटी म्हणाली. "मी वर होते."

हेमचंद्रनं चिंधीची घडी करून ती खिशात ठेवली.

"हॉर्न नाही वाजवला त्यानं," ती म्हणाली.

"नाही."

"हॉर्न चालतो?"

हेमचंद्रनं बॅटरी जागेवर ठेवून जोडली, दारातून हात आत घालून स्टिअरिंगचा मधला भाग दाबला. त्या बंद खोलीत हॉर्न इतका मोठ्यानं वाजला की दोघंही दचकले. त्यानं केबल पुन्हा काढली. जयंती उठली, शेवटची पायरी उतरली आणि अनवाणी पायांनी ओल्या फरशीवरून चालत गाडीपाशी आली. वाकून तिनं बूट उचलले, आणि ते घेऊन वर गेली. थोड्या वेळानं वरून तिनं विचारलं, चहात साखर किती घालू.

सेल्फ तो घरी घेऊन गेला. कार्बन नवे बसवले, आर्मेचर घासून साफ केलं, जळलेली पट्टी टिकेल का याची खात्री नव्हती म्हणून रात्रीचं जेवण झाल्यावर ते उतरवून नव्यानं गुंडाळलं. असं काम इथं आता कुणी करत नाही, नवं आणून टाकतात. सुचेतानं विचारलं, कोणाचं आहे. दिलीपचं, तो म्हणाला. ती त्याच्या शेजारी बसून राहिली, काम होईपर्यंत.

पुढच्या शनिवारी दुपारी त्यानं सेल्फ चढवला, नवी वायर टाकली आणि ती लोखंडी नळीतून नेली, उंदराला दात लागू नयेत म्हणून. जयंतीनं गॅरेजचं दार पूर्ण वर सरकवलं होतं. बाहेर थंड, स्वच्छ ऊन होतं. गाडी घ्यायला शेजाऱ्याच्या ओळखीचा कुणी तयार होता, पण तिनं त्याला कळवून टाकलं होतं की गाडी विकायची नाही.

हेमचंद्रनं किल्ली तिच्यापुढे धरली. ती दार उघडून आत बसली. तिचे पाय पेडलपर्यंत पोचत नव्हते. दिलीप चांगला सहा फूट उंच. मग सीटखाली हात घालून तिनं खटका ओढला, आणि गंजलेल्या रुळांवरून सीट एक-एक दात करत पुढे आणली, तिचे स्वतःचे पाय टेकेपर्यंत.