आग्नेयेची फरशी

वझ्यांच्या घरी येणाऱ्या प्रत्येक पाहुण्याला दारातच दोन सूचना मिळत. एक, चपला बाहेर. दोन, स्वयंपाकघरात ओट्याजवळच्या कोपऱ्यात पाय देऊ नका, तिथली फरशी डुगडुगते. नवखा पाहुणा कळवळून विचारी, "मिस्त्री नाही मिळत का इकडे?"

"मिळतो," रमाकांतराव म्हणत. "मुद्दाम ठेवलीय." आणि अशा थाटात म्हणत, की जणू डुगडुगती फरशी म्हणजे घराण्याला पेशव्यांनी दिलेली सनदच.

त्या फरशीखाली वास्तुपुरुष निजायचा होता. वास्तुशांत झाली की त्याची प्रतिमा आग्नेयेला पुरतात, हे कुणालाही ठाऊक असतं. वझ्यांच्यात मात्र त्यापुढे एक नियम होता: कर्जाच्या घराची वास्तुशांत करायची नाही. "घर सावकाराचं आणि शांत आपली, हे कसं जमायचं?" असं रमाकांतरावांच्या मातोश्री म्हणत. त्या स्वतः जन्मभर भाड्याच्या घरात राहिल्या, त्यामुळे नियम पाळणं त्यांना कधी जड गेलं नाही.

जड गेलं ते प्रेमलाबाईंना. दोन हजार दहा साली झाशीत सदर बाजाराच्या पलीकडे हे तीन खोल्यांचं घर झालं तेव्हा त्या बेचाळिशीच्या होत्या. समथरच्या एका सुताराकडून त्यांनी सागवानी देव्हारा हौसेनं करवून घेतला होता. तो जुन्या चादरीत गुंडाळून पलंगाखाली गेला, आणि देव बसले एका स्टुलावर. शांत झाली नाही म्हणजे देवही पाहुणेच. पंधरा वर्षं प्रेमलाबाई स्टुलासमोर वाकून पूजा करत आल्या. आता गुडघे इतके बोलत की घंटा वाजवायची गरज उरली नव्हती.

कर्ज दहा लाखांचं, मुदत पंधरा वर्षांची, हप्ता साडेनऊ हजारांच्या जरा वर. रमाकांतराव एका सरकारी दफ्तरात बाबू होते, पुढे बडे बाबू झाले. त्यांच्या टेबलासमोर रडत आलेल्या, भांडत आलेल्या, मिठाई घेऊन आलेल्या अशा सर्वांना त्यांनी तीस वर्षं एकच वाक्य ऐकवलं: "बिना अर्ज़ी के कुछ नहीं होता, भैया." माणूस खरा होता, काम खरं होतं, पण अर्ज नव्हता, आणि अर्ज नाही तर माणूसही नाही.

घर घेतल्यावर दीड-दोन वर्षांनी बँकेतून फोन आला होता. व्याजाचा दर वाढलाय, हप्ता वाढवायचा की तसाच ठेवायचा?

"तसाच," रमाकांतराव कडक आवाजात म्हणाले. बँक गप्प बसली. आपण बँकेला वाकवलं, असं त्यांचं त्या दिवसापासून मत झालं. शेजारच्या टेबलावरच्या दुबेजींनी मुकाट्याने हप्ता वाढवून घेतला, तेव्हा त्यांची रमाकांतरावांना कीव आली. "दुबेजी, सख्ती से बोलना पड़ता है. हमारा एक पैसा नहीं बढ़ा." पुढे बारा-तेरा वर्षं हे वाक्य त्यांनी गणेश मंदिरातल्या भजनाला, मुंजीत, आणि एकदा मयतीलाही सांगितलं.

यंदा जुलैअखेर ते निवृत्त झाले. बिजौलीला पाइपांचा कारखाना असलेल्या अग्रवालांनी सांगून पाहिलं, "पंडितजी, हिसाब देखने आ जाओ. बस बैठे रहना है." रमाकांतरावांनी हात जोडले. बसायचंच असेल तर ते घरच्या व्हरांड्यात बसणार होते. त्यांच्या आत कुठेतरी एक थकवा होता, तीस वर्षं फायलींतून साचलेला. झोपेनं तो जात नव्हता. तो जाईल असं त्यांनी एकाच दिवसावर ठरवून ठेवलं होतं: शेवटचा हप्ता जाईल तो दिवस.

तो हप्ता कार्तिकात गेला. मार्गशीर्षातला मुहूर्त धरला. झाशीत आता मराठी पौरोहित्य करणारे हाताच्या बोटांवर. त्यांतल्या एका गुरुजींना विसार दिला, आचारी ठरवला, नोएडाहून मुलगा सलील येणार म्हणून कळवून झालं. फक्त बँकेतून घराचे कागद आणायचे राहिले होते. प्रेमलाबाईंनी पलंगाखालून देव्हारा काढून तेलाचा हात द्यायला घेतला आणि रमाकांतराव इस्त्रीचा सदरा घालून बँकेत गेले.

काउंटरवर शिल्पा नावाची तरुण अधिकारी होती. गळ्यात ओळखपत्र, डोळ्यांत महिनाअखेर.

"रजिस्ट्री वापस लेनी है, बेटा. लोन पूरा हो गया," रमाकांतराव म्हणाले. स्वर बारशाचे पेढे वाटणाऱ्याचा.

शिल्पाने पडद्याकडे पाहिलं, मग त्यांच्याकडे, मग पुन्हा पडद्याकडे. "अंकल, इसमें तो अभी सात साल बाकी हैं."

"किसके?"

"आपके."

रमाकांतराव हसले. दफ्तरात असे घोटाळे त्यांनी पुष्कळ पाहिले होते. एका जिवंत माणसाला तर त्यांनी स्वतः दोन वर्षं कागदावर मयत ठेवलं होतं. "पंधरा साल की किस्त दी है. एक भी नहीं चूकी. फिर से देखो."

तिने फिरून पाहिलं. मग समजावून सांगितलं, थकलेल्या पण चांगल्या मुलीसारखं. सुरुवातीचा दर आठ टक्के होता, तो अकराच्या घरात गेला. हप्ता वाढवला असता तर मुदत तेवढीच राहिली असती. हप्ता तसाच ठेवला, म्हणून मुदत वाढली. साडेनऊ हजारांतले साडेआठ हजार त्या काळात नुसत्या व्याजात जात होते.

रमाकांतरावांनी मनाशी वजाबाकी केली. म्हणजे महिन्याला हजार रुपयांचंच घर आपण विकत घेत होतो. महिन्याला एखादी खिडकी. ग्रिलशिवाय.

"अब तक कितना भरा?"

"सत्रह लाख के ऊपर."

"दस के सत्रह. और बचा कितना?"

"साढ़े पाँच." तिचा आवाज खाली गेला. "ऐसे ही चला तो आख़िर तक पच्चीस लाख हो जाएगा, अंकल."

मागच्या रांगेतला एक जण घड्याळ बघून खोकला. रमाकांतरावांना एकदम आठवलं, की टेबलापलीकडच्या खुर्चीत बसून अशा खोकल्याकडे दुर्लक्ष करण्यात आपली हयात गेली.

"रेट बाद में उतरे थे ना? पेपर में आता था."

"उतरे थे. नए रेट में बदलवा लेते तो कब का निपट जाता. थोड़ी सी फीस लगती है, और एक अर्ज़ी."

"मुझे किसी ने बताया नहीं."

"मैसेज जाते रहे हैं, अंकल. हर बार."

गेले असतील. 'डियर कस्टमर' असे सुरू होणारे संदेश रमाकांतराव न वाचता पुसत. ज्याला आपण ओळखत नाही आणि जो आपल्याला डियर म्हणतो तो लुबाडायलाच आलेला असतो, असा त्यांचा अनुभव होता. अनुभव अगदीच चुकीचा नव्हता.

"तो आप ही लोगों ने कम क्यों नहीं किया?"

शिल्पाने मान किंचित तिरकी केली. त्यात उर्मटपणा नव्हता, फक्त रोजचा कंटाळा होता. "बिना अर्ज़ी के कैसे होगा, अंकल?"

रमाकांतराव उठले. खुर्ची जागेवर सरकवून ठेवली. तीस वर्षांत ते वाक्य ऐकून त्यांच्यासमोरून उठलेली माणसं खुर्ची का सरकवत नसत, ते त्यांना आज समजलं. त्यांनी मात्र सरकवली.

सदर बाजारात दुबेजी भेटले. नको त्या वेळी भेटण्यात दुबेजींचा हातखंडा होता. "अरे वझेजी! न्योता मिल गया. पूरनपोली बन रही है न?"

"बन रही है," रमाकांतराव म्हणाले. मग सहज विचारावं तसं विचारलं, "आपका लोन कब निपटा था?"

"दो साल हो गए. थोड़ा पहले ही निपट गया. वो किस्त बढ़वा ली थी न, जब आप बैंक को डाँट रहे थे." दुबेजी मनापासून हसले. त्यांच्या मनात काही नव्हतं, म्हणून जास्त लागलं.

घरी प्रेमलाबाई देव्हाऱ्याच्या कळसाला बोटानं तेल चोळत बसल्या होत्या. सागवान पंधरा वर्षांनी पहिल्यांदा उजेडात चकाकत होतं.

"आणले कागद?"

"नाही."

"लंच चालू असेल त्यांचा."

"सात वर्षांचा लंच आहे."

मग त्यांनी सगळं सांगितलं. बँकेला वाकवल्याची गोष्ट इतकी वर्षं मोठ्या आवाजात सांगितली होती. तिचा हा शेवट त्यांना हळू आवाजातही नीट सांगता येईना. प्रेमलाबाई ऐकत राहिल्या. बोट कळसावरच होतं.

"तो फोन आला तेव्हा मी इथेच होते," शेवटी त्या म्हणाल्या. "म्हटलं होतं, विचारा तरी, न वाढवून काय होईल. तुम्ही म्हणालात, 'सावकाराला विचारायचं नसतं, सांगायचं असतं. आमच्या खापरपणजोबांनी अख्ख्या परगण्याचा वसूल घेतला.'"

"म्हटलं असेन."

"त्यांनी घेतला वसूल. तुम्ही दिलात."

रमाकांतराव पलंगावर टेकले आणि म्हणाले, "गुरुजींना नको म्हणून कळवतो. आचाऱ्यालाही."

"सात वर्षांनी मी चौसष्टची होईन," प्रेमलाबाई म्हणाल्या. "तोवर हे गुडघे स्टुलापर्यंत वाकतील, असं बँकेने लिहून दिलंय का?"

तेवढ्यात सलीलचा फोन आला. पोराला मराठी समजे सगळं, बोलताना मात्र अर्ध्या वाटेत गाडी बदले. "पापा, गुड न्यूज. फ्लॅटचं लोन सैंक्शन होऊन राहिलंय. सत्तर लाख. मी ना पच्चीस साल वाला घेतोय, उसमें किस्त एकदम कम पडते. मस्त आहे ना?"

एरवी रमाकांतराव म्हणाले असते, सख्ती से बोलना. आज त्यांनी विचारलं, "शेवटापर्यंत मिळून किती भरशील?"

"मतलब?"

"पच्चीस वर्षांचे सगळे हप्ते मिळून."

"वो तो... वो कोई नहीं पूछता, पापा."

"तू विचार. आजच. आणि दर वाढला तर काय वाढतं, हप्ता की वर्षं, तेही विचार. आणि डियर म्हणणाऱ्यांचं सगळं वाच."

"पापा, तब्येत ठीक है?"

"ठीक आहे. वास्तुशांतीला ये. तुझी आई बोलेल." फोन त्यांनी प्रेमलाबाईंच्या हातात दिला. शांत होणार की नाही हे खुद्द त्यांना माहीत नव्हतं.

प्रेमलाबाईंनी लेकाला एवढंच सांगितलं, "ये. येताना सिमेंटवाला गोंद आण, फरशी बसवायचा." आणि फोन ठेवला.

"अगं, पण आईचा नियम..."

"सासूबाईंना घर नव्हतं, म्हणून त्यांच्याकडे नियम होता. मला घर आहे. वास्तुपुरुष बँकेकडे राहायला येत नाहीये, आपल्याकडे येतोय. मी केर काढते इथे पंधरा वर्षं, बँक एकदा तरी आली का झाडू घेऊन?" मग जरा थांबून, "कागद आणि पेन घ्या. अर्ज लिहा."

बडे बाबूंनी अर्ज लिहिला. आयुष्यात हजारो अर्ज नाकारले, लिहिला हा पहिलाच. 'सेवा में' नंतर हात अडखळला. दर बदलून मिळावा. निवृत्तीच्या पैशातले तीन लाख एकरकमी भरायचे, असंही प्रेमलाबाईंनी त्याखाली लिहायला लावलं. ते तीन लाख म्हणजे व्हरांड्यातली खुर्ची होती, कोकणातल्या कुलदैवताला एकदा जाऊन येणं होतं, आणि काहीही न करण्याची दोनेक वर्षं होती. रमाकांतरावांनी ते आकड्यात लिहिलं, मग नियमाप्रमाणे अक्षरी.

"उरलेलं अडीचेक वर्षांत फिटेल," ते म्हणाले. "घरखर्चाला ओढ पडेल थोडी. अग्रवालांना फोन करतो."

प्रेमलाबाईंनी त्यांच्याकडे पाहिलं. "जमेल तुम्हाला?"

"बसायचंच तर आहे."

मग त्या उठल्या, चहा टाकला, आणि आज कधी नव्हे ते आल्याचा तुकडा जरा मोठा घातला.

गुरुजींना कर्जाचं सांगितलं तेव्हा ते सुपारी कातरत होते. "वझेसाहेब, माझं घर अजून बारा वर्षं बँकेकडे आहे. शांत पहिल्याच महिन्यात उरकली. वास्तुपुरुष व्याजाचा दर विचारत नाही. दक्षिणा तेवढी हप्त्यांत देऊ नका."

मार्गशीर्षात शांत झाली. दुबेजी चार पोळ्या जेवले. सलीलने पंचवीस वर्षांऐवजी वीस वर्षांचं कर्ज घेतल्याचं सांगितलं. पच्चीसवरून वीसवर आणलं हीच आपली पुण्याई, असं रमाकांतरावांनी मानून घेतलं. देव स्टुलावरून देव्हाऱ्यात गेले. प्रतिमा आग्नेयेला पुरली, वर फरशी बसवली, आणि प्रेमलाबाईंनी तिच्यावर दोन्ही पाय ठेवून उभं राहून पाहिलं. हलली नाही.

पौषात रमाकांतराव बिजौलीला जायला लागले. सकाळी डबा घ्यायला स्वयंपाकघरात येत, आणि त्या कोपऱ्याशी आलं की त्यांचा पाय आपोआप उंच उचलला जाई, जसा पंधरा वर्षं उचलला गेला होता.

"अहो, आता पक्की बसलीय ती," देव्हाऱ्यासमोर उभ्यानेच फुलं वाहत प्रेमलाबाई म्हणत.

"माहीत आहे," रमाकांतराव म्हणत, आणि फरशी ओलांडून डबा घेत. बाहेर ऑटोवाला भोंगा वाजवी. खिशात फोन थरथरे. ते दारात थांबत, चष्मा लावत, आणि डियर कस्टमरपासून शेवटच्या टिंबापर्यंत सगळं वाचून काढत.