रविवारची नदी

आमच्या गावची नदी रविवारी बारीक होते. पावसाळा सोडला तर भिवपुरीच्या वीजघरातून सुटलेलं पाणी हीच आमची नदी, आणि मुंबईच्या गिरण्या रविवारी बंद म्हणून वीजघरालाही काम कमी, असं जाणती माणसं सांगतात. खरंखोटं त्यांचं त्यांना ठाऊक. नदीच्या मधोमध एक बेट आहे, झाडाझुडपांचं. बेटाच्या अलीकडची धार एरवी कमरेला लागते, पण रविवारी सकाळी ती दगडांवर पाय ठेवत ओलांडता येते. पलीकडची धार खोल, ती रविवारीही वाहते.

म्हणूनच मी रविवार धरला होता. मी गावच्या शाळेत शिक्षिका. अठ्ठ्याहत्तर साली कर्जतला एका शिबिरात मुंबईच्या महिला संस्थेच्या एक बाई भेटल्या. त्यांना वीसेक मुलींना रान दाखवायचं होतं आणि रानातलं रांधायला शिकवायचं होतं. मी कुणाला न विचारता सांगून टाकलं, "माझ्या सासूबाई शिकवतील. बेटावर सगळी झाडं आहेत, चूलही तिथंच मांडू." उंटावरून शेळ्या हाकायची मला भारी हौस. काम सासूबाईंचं, मिरवणार मी.

सासूबाई म्हणजे भीमाबाई. मी त्यांना आत्याबाई म्हणते. त्यांनी लहानपणी भुकेपायी जे जे उकरून खाल्लं, ते सगळं त्यांना अजून पाठ होतं. आधी त्या नको म्हणाल्या. "ते आमचं उपाशी दिवसांचं खाणं गं. ते काय शिकवायचं?" मी हट्टच धरला, तेव्हा तयार झाल्या.

पण माझ्या मनात मुंबईच्या मुली नव्हत्याच. माझ्या मनात मोतीबाई होती. मोतीबाई वरच्या आळीतल्या कुणब्याची कारभारीण. ती आणि आत्याबाई तीस वर्षं एका रांगेत भात लावत आल्या, पण भाकरी सोडायची वेळ झाली की दोघी वेगवेगळ्या बांधांवर बसायच्या. आम्ही बौद्ध होऊन बावीस वर्षं झाली होती, तरी बांध काही एक झाले नव्हते. मी मोतीबाईला कार्यक्रमाचं आमंत्रण दिलं. ती म्हणाली, "येते की. आनि तिघीजनी बी येतील." मी धीर करून विचारलं, "जेवायला बसाल ना?" ती क्षणभर थांबली आणि म्हणाली, "बसू." त्या एका शब्दावर मी आठ दिवस हवेत होते.

मुख्य पदार्थ ठरला कडू कांद, रानातल्या वेलीचा कंद. तो थंडीतच निघतो. वेल वाळलेली असते, तिच्या काडीचा माग काढत जमीन खणायची. तसाच खाल्ला तर घसा जळतो, गरगरतं, माणूस उलट्या करकरून आडवा होतो. त्याचे पातळ काप करायचे, राख घालून उकडायचे आणि दुरडीत भरून रात्रभर वाहत्या पाण्यात बांधायचे. पाणी वाहतं हवं. त्याच्यासोबतच कडूपणा निघून जातो.

शनिवारी आत्याबाईंनी काप उकडले. त्यांचा गुडघा धरला होता आणि अजून भाकऱ्यांचं पीठ व्हायचं होतं, म्हणून दुरडी माझ्याकडे दिली. "पल्याडच्या धारेला बांध गं. अल्याड नको, उद्या आयतवार हाय."

मी निघाले तेव्हा दिवस बुडत होता. घरी माझं चार महिन्यांचं बाळ रडत होतं, अंगावर दूध दाटलं होतं. अलीकडची धार समोर धो-धो वाहत होती. पलीकडे जायचं म्हणजे कमरेएवढं पाणी कापून अख्खं बेट ओलांडायचं. मी मनात म्हटलं, हेही पाणी वाहतंच आहे की. अलीकडेच एका उंबराच्या मुळीला दुरडी बांधली आणि घरी आले. आत्याबाईंनी विचारलं, "बांधलीस?" मी म्हटलं, "बांधली." कुठं ते त्यांनी विचारलं नाही. माझ्यावर त्यांचा विश्वास होता.

सकाळी सगळ्यांच्या आधी मी नदीवर गेले. धार उतरली होती. उंबराखाली एक डबकं उरलं होतं, त्यात दुरडी बसली होती आणि पाण्यावर पांढुरका फेस धरला होता. मी दुरडी उचलून पळतच पलीकडच्या धारेवर गेले आणि हात बधिर होईपर्यंत ती खळबळत राहिले. तेवढ्यात काठावर मुलींचा आवाज आला.

त्या वेळी बोलायला हवं होतं. आत्याबाईंना बाजूला घेऊन दोन वाक्यं सांगायची होती, बस्स. पण मला मोतीबाई दिसली. नवं लुगडं नेसून, मागं तिघी बायका घेऊन ती दगडांवरून येत होती. मी विचार केला, आता कांद फेकला तर काय म्हणतील? यांना साधा कांद रांधता येत नाही, यांच्या हातचं खायचंच कशाला? आज बसायला आल्या आहेत, पुन्हा येतील? झाकली मूठ सव्वा लाखाची. एवढं खळबळलंय, निघाला असेल कडूपणा, असं मीच मला समजावलं.

आत्याबाईंनी मुलींना बेटभर फिरवलं. गुडघा दुखत होता, पण त्या दिवशी त्या वेगळ्याच दिसत होत्या. कुड्याची साल, भोकराचा पाला, कुठल्या झाडाखाली बसलं की अंगाला खाज सुटते, सगळं सांगत होत्या. मुली वह्यांत उतरवून घेत होत्या. एका मुलीनं विचारलं, "आजी, हे सगळं तुम्ही कोणत्या पुस्तकात वाचलंत?" आत्याबाई म्हणाल्या, "पोटात." मुली हसल्या. मोतीबाई हसली नाही. तिनंही ते दिवस पाहिले होते.

मग चूल पेटली. तीळ, मिरची, लसूण वाटून कांद परतला. वास असा सुटला की संस्थेच्या बाईंनी वही मिटली. पानं मांडली गेली. वीस मुली, बाई, आणि त्याच रांगेत मोतीबाई व तिच्या तिघी. मी डोळे भरून ती रांग पाहिली.

"थांबा," आत्याबाई म्हणाल्या. "कांदाची एक रीत हाय. ज्यानं तो पान्यात बांधला, त्यानं पयला तुकडा खायाचा. घटकाभर थांबायाचं. जिभेला मुंग्या नाय आल्या तर पंगत बसवायाची."

"मग आज कोण खाणार?" एका मुलीनं विचारलं.

"बांधला माज्या सुनेनं. पन ती अंगावर पाजते, तिला नाय चालायचं. तिच्या वाटचं मी खाते."

त्यांनी तुकडा उचलला. मी समोर उभी होते, चार हातांवर. त्यांनी तो तोंडात टाकला, चावला, गिळला. मी काही बोलले नाही. त्यांनी दुसरा उचलला, मोठा. मुलींना दाखवून तोही खाल्ला. तरी मी बोलले नाही.

मग त्या थांबल्या. ओठांवरून जीभ फिरवली. त्यांची नजर दुरडीवर गेली, तिथून अलीकडच्या कोरड्या दगडांवर, आणि तिथून माझ्यावर. थुंकल्या असत्या तर सगळ्यांना कळलं असतं. त्यांनी पदरानं तोंड पुसलं, कढई दोन्ही हातांनी उचलली आणि पलीकडच्या धारेत पालथी केली.

"काय झालं हो?" बाई दचकून उठल्या.

"मीठ दोनदा पडलं. माजीच चूक," आत्याबाई म्हणाल्या. "म्हातारी झाले."

रांगेत कुजबूज झाली. मी मोतीबाईकडे पाहिलं. आता ती उठणार, पाठोपाठ तिघी उठणार. खाऱ्या भाजीत पाणी घालतात, नदीत ओतत नाहीत, एवढं तिला कळत होतंच. तिनंही जन्मभर कांद खाल्ला होता. तिनं आत्याबाईंच्या तोंडाकडे नीट पाहिलं, आणि मग पानावर हात पुढं केला.

"भाकर तर हाय ना गं भीमे? मंग वाढ की. चटनी घाल वर."

आत्याबाईंनी भाकरी वाढली. मोतीबाईनं मोडली, खाल्ली. तिघींनी खाल्ली. ज्या गोष्टीच्या भीतीनं मी तोंड शिवून उभी होते, ती घडलीच नाही. सकाळी बोलले असते तरी घडली नसती. मला तिथंच जमिनीत गडप व्हावंसं वाटलं.

शेवटची मुलगी दगड ओलांडून जाईपर्यंत आत्याबाई ताठ उभ्या होत्या. मग त्याही अलीकडे आल्या, त्याच उंबराला धरून खाली बसल्या आणि ओकायला लागल्या. मोतीबाईच्या घरची बैलगाडी आली. कर्जतच्या डॉक्टरांनी सुई दिली, म्हणाले, वय झालंय, आजची रात्र बघू. दोन दिवस त्यांना खोली फिरताना दिसत होती. जीभ इतकी जड की नातवाचं नावही नीट उच्चारता येत नव्हतं. मोतीबाई दोन्ही दिवस पेज घेऊन आली आणि माझ्याशी एक अक्षर बोलली नाही.

तिसऱ्या दिवशी त्यांना जरा हुशारी आली. मी पेज भरवत होते. ताकाला जाऊन भांडं लपवण्यात आता अर्थ नव्हता. मी सगळं सांगितलं, उंबराची मुळी, डबकं, फेस, आणि मोतीबाईचं नवं लुगडंसुद्धा. त्यांनी ऐकून घेतलं. रागावल्या नाहीत. रागावल्या असत्या तर बरं झालं असतं.

मग त्यांनी विचारलं, "मी नसतं खाल्लं, तर त्या पोरींना खाऊ दिलं असतंस?"

"नाही!" मी जवळजवळ ओरडलेच. "आत्याबाई, शपथ. त्यांच्या तोंडात घास जाऊ दिला नसता. मी बोलणारच होते." आणि ते खरं होतं. पंगत वाढायला घेतली असती तर मी आडवी पडले असते, याची मला तेव्हाही खात्री होती आणि आजही आहे.

त्यांनी वाटी हातानं बाजूला केली आणि माझ्याकडे पाहिलं.

"मंग मला का दिलंस?"