सात जणींचं माप

"माका मीटर कळत नाय," पार्वती म्हणाली. "खड्ड्यात किती जणी उभ्यो रवलंव, ता सांगतंय. सात."

सुलोचनाची पेन्सिल थांबली. पेडण्याच्या कचेरीत लघुलेखक म्हणून लागून तिला जेमतेम चार महिने झाले होते. गोवा राज्य होऊन वर्ष उलटलं होतं. भाषेच्या भांडणातल्या घोषणा समोरच्या भिंतीवर अजून पुसट दिसत. साक्ष मालवणीत, प्रश्न कोंकणीत, युक्तिवाद मराठीत, आणि तिला कागद करायचा इंग्रजीत. 'सात जणी' हे माप इंग्रजीत कसं लिहायचं, ते काही तिला सुचेना.

वाद पार्सेच्या ओहोळावरच्या लहान पुलाचा. कंत्राटदार कोरगावचा दत्ताराम. सरकारी काम घ्यायची त्याची पहिलीच खेप. नकाशात पाया दोन मीटर खोल होता. तिथे कातळ लागेना, तेव्हा कामावरच्या इंजिनियरने तोंडी सांगितलं, आणखी खण. पावणेचार मीटरवर कातळ लागला, पाया भरला, वर माती पडली. खड्ड्यातली माती पार्वती आणि तिच्यासोबतच्या बायकांनी उतरंडीवर उभं राहून, घमेल्यांनी हातोहात वर काढली होती. तो इंजिनियर नोकरी सोडून आखातात गेला आणि मापवहीत नोंद सापडेना. खातं म्हणत होतं, दत्ताराम खोटं बोलतो, काळ्या यादीत घाला. तो बापडा कोपऱ्यातल्या बाकावर टोपी चुरगाळत बसला होता.

खात्याचे साहेब हसले. "सात बायका? उद्या नारळांनी मोजतील."

"साहेबांनु, दोन मीटराक चार जणी पुरतत," पार्वती शांतपणे म्हणाली. "सात जणींका मजुरी देवक दत्ताराम काय येडो?"

लवाद होते गोकुळदासबाब, निवृत्त इंजिनियर, मितभाषी. त्यांनी चष्मा काढून पुसला. "बाये, तशीच उबी रावून दाखयतली?"

खड्डा तर बुजला होता, म्हणून दुसऱ्या दिवशी सकाळी पुलापलीकडच्या काजूच्या उतारावर सगळे जमले. बायका तेरेखोलपलीकडून, सातार्ड्याहून, पहिल्या बसने आल्या. आल्या आल्या त्यांनी पदर खोचले. सगळ्यांत खालच्या बाईने मातीचं भरलेलं घमेलं डोक्यापर्यंत उचललं. दुसरी वरून वाकली आणि हात पोचला तिथेच तिने पाय रोवला. मग तिसरी.

"हात पोचता थय पाय," पार्वती म्हणाली. ती स्वतः चौथी.

कचेरीचा शिपाई धाकू याने मोजणीची पट्टी या चौघींच्या पायाशी एकेक करून धरली. साहेबांनी मोजणीच्या दुर्बिणीतून आकडे वाचले, आणि हे सगळं अंदाजपंचे आहे असं म्हणून पुढे जाण्याआधीच चौघींना खाली बोलावून पुन्हा उभं केलं. दोन्ही वेळा आकडे बोटभर फरकाने तेच आले. साहेबांनी तिसऱ्यांदा सांगितलं नाही. या बायकांपैकी एकीलाही सही करता येत नव्हती.

दुसऱ्या खेपेला घमेलं पार्वतीकडे आलं. तिने ते वर उचललं आणि तशीच थांबली. तिच्या वर कुणी नव्हतं. त्या रिकाम्या जागेच्या वर दोघी होत्या.

"हांगा कोण?" गोकुळदासबाबांनी विचारलं.

"चंद्रावती. शिमग्याआधी गेली. तापान."

"मग दुसरी उभी करा," साहेब म्हणाले.

"दुसरीचो हात येगळो. चंद्रावती उंच. तिका देताना माका टाचो उचलूक लागत." पार्वतीने टाचा उचलल्या. भरलेलं घमेलं तिने तसंच वर धरून ठेवलं. "तिचो पाय त्या धोंड्याकडे इलो असतो."

वरची बाई, चंद्रावतीची जाऊ, न सांगता खाली वाकली. कुणाच्या तरी हातातून घ्यावं तसे तिचे हात त्या धोंड्याच्या बरोबर वर येऊन थांबले.

धाकूने पट्टी धोंड्यावर टेकवली नाही. शेजारी, तेवढ्याच उंचीला धरली. मग वरच्या दोघींच्या पायाशी. साहेबांनी आकडे वाचले. तीन मीटर बहात्तर, एकूण. त्यांनी तो आकडा दोनदा तपासला आणि मोजणीच्या कागदावर स्वतःच सही केली.

"निकाल लेखी येतलो," गोकुळदासबाब दत्तारामला म्हणाले. "पूण तूं फट मारूंक ना, खरें सांगलें, तें आज पळयलें." मग सुलोचनाकडे वळले. "नांवां बरय. सातूय."

तिने सात नावं लिहिली. साहेबांनी हरकत घेतली नाही.

उन्हं चढली होती. बायका ओहोळात पाय धुवायला उतरू लागल्या, मागोमाग दत्ताराम, धाकू, सुलोचना. धोंडा वाटेतच होता. सगळे त्याला वळसा घालून उतरले. साहेबसुद्धा.