लोणा कुणाच्या मिठाचा

आमच्या निरंजनला बोलायची रीत नाही. थोरल्या दिराचा मुलगा, माझ्याच मांडीवर वाढला, म्हणून सांगते. परक्याचा असता तर त्याच्यासाठी तोंड शिणवलं नसतं. घर माझ्या नावावर, जमीन माझ्या नावावर, पण हा घरात आला की बोलणार माझ्या लेकाशी, जनार्दनशी. मी काही विचारलं तरी उत्तर देणार जनार्दनकडे बघून, आणि तेही अर्धं इंग्रजीत. मी म्हणजे कोपऱ्यातली रिकामी कणगी. बूट न काढता स्वयंपाकघराच्या उंबऱ्यापर्यंत येतो, ते आणखी वेगळंच.

नेऱ्यातलं आमचं नवं घर त्यानंच कंत्राट घेऊन बांधलं. तळमजल्यावर आम्ही, वरच्या दोन मजल्यांवर भाडेकरू, हिंजवडीला कामाला जाणारे. विटा चढत होत्या तोवर मी रोज उन्हात खुर्ची टाकून समोर बसायचे. मग लेकीचं बाळंतपण निघालं. तीन महिने मी सासवडला होते, आणि गिलावा माझ्यामागं झाला. परत आले तर घराला रंग लागलेला, नुसतं चकचकीत. सगळ्यांदेखत मी निरंजनच्या पाठीवरून हात फिरवला. ते आठवलं की आता हात धुवावासा वाटतो.

दुसऱ्या दिवाळीनंतर भिंतींना पांढरं फुटायला लागलं. आधी जमिनीलगत, मग हातभर वर, मग खिडकीपर्यंत. पुसलं की जायचं आणि आठ दिवसांत पुन्हा यायचं, पिंजलेल्या कापसासारखं. रंगाचे पोपडे सुटले. पुढं पुढं तर बोट लावलं की गिलावा पडायचा. वरच्या एका जोडप्याच्या बाळाच्या पाळण्यात भुकटी पडायला लागली, तेव्हा ते खोली सोडून मारुंजीला गेलं. मी त्यांना थांबा म्हणाले नाही. कोणत्या तोंडानं म्हणणार?

निरंजनला बोलावलं. त्यानं भिंतीवर बोट फिरवलं, बोट पँटला पुसलं आणि म्हणाला, "जनूदादा, हे एफ्लोरेसन्स हाय. नॅचरल असतं."

"काय असतं?" मी विचारलं.

"तुमाला न्हाई कळायचं, काकी. केमिस्ट्रीतला शब्द हाय."

"आमी लोणा म्हणतो त्याला. तुझ्या बापालाबी कळायचा."

तो हसला. मग गच्चीवर गेला, खाली आला आणि जनार्दनच्या खांद्यावर हात ठेवून म्हणाला, "दादा, खरं सांगू का? उन्हाळ्यात काकी वर सांडगी मिरच्या वाळत घालतात. मीठ-ताकाचं पाणी गळतंय, स्लॅबमधनं उतरतंय. घरात मीठ मुरलंय सगळं. ह्यात आमी काय करणार?"

आणि माझ्या लेकानं मान डोलावली! सतरा वर्षं कारखान्यात सुपरवायझर आहे, तिथं मशीनचा एक नट ढिला असला तर चार माणसांना जाब विचारतो. घरात मात्र चुलतभावानं इंग्रजी शब्द फेकला की गप्प.

गोष्ट तिथंच राहिली असती तर मी गिळलीही असती. पण पंधरा दिवसांनी नांद्याला एका साखरपुड्याला गेले, तर ताट वाढता वाढता एक बाई विचारते, "काय चंद्राबाई, तुमच्या मिरच्यांनी म्हणं घर खाल्लं?" पंगत हसली. निरंजन बाजूच्याच पंगतीत होता. तोही हसला.

त्याच आठवड्यात जनार्दननं सांगितलं, रस्त्याकडेच्या आपल्या अकरा गुंठ्यांवर दुकानं बांधायची, काम निरंजनला द्यायचं, अक्षय्य तृतीयेला भूमिपूजन.

"त्याला द्यायचं न्हाई," मी म्हणाले.

"आई, चूक आपली आन् राग त्याच्यावर, हे बरं दिसतं का?"

मी जास्त बोलले नाही. जमीन माझी. मी सही केली नसती की विषय संपला असता. पण तेवढ्यानं माझं भागणार नव्हतं. मला तो जमिनीवर उभा असताना, हातात नारळ असताना, भावकीसमोर परत जायला हवा होता. ज्या शब्दानं त्यानं मला खोटं पाडलं, त्याच शब्दानं.

दुसऱ्या दिवशी सकाळी खालच्या खोलीच्या भिंतीचा लोणा नखानं खरवडला आणि जिभेवर ठेवला. मिठाची चव मला कुणी शिकवायची नाही. एवढ्या वर्षांत लोणच्याच्या किती बरण्या भरल्या त्याचा हिशेब नाही, एकही नासली नाही. हे मीठ नव्हतं. कडवट होतं. आधी गार लागलं, मग जिभेच्या मुळाशी कडू. ही चव मी पूर्वी घेतली होती, आणि कुठं घेतली तेही लगेच आठवलं.

ओढ्याच्या पलीकडे खारी विहीर आहे. मी नवी नवरी असताना सासू भांडी घासायला तिकडे पाठवायची. चुकून एकदा ओंजळभर पाणी प्याले होते. गुरंसुद्धा तिथं मान फिरवतात. भांडं धुऊन उन्हात पालथं घातलं की त्यावर पांढरी साय उमटायची.

आमच्या वरच्या मजल्यावर किमया राहते. लातूरकडची पोरगी, कॉलेजात केमिस्ट्री शिकवते, नवरा कॉम्प्युटरवाला. मी तिच्या दारात गेले आणि म्हणाले, "पोरी, एफ्लोरेसन्स म्हंजे काय, ते मला सांग. वर्गात सांगतेस तसं सांग."

तिनं मला बसवलं, स्वतः जमिनीवर बसली. "काकू, धुण्याच्या सोड्याचे खडे उघडे ठेवले की त्यांच्यातलं पाणी हवेत जातं आणि खड्यांचं पीठ होतं, त्याला हा शब्द वापरतात. मराठी पुस्तकात उत्फुल्लन म्हणतात. बांधकामवालेही वापरतात. विटेत, वाळूत नाहीतर पाण्यात आधीपासून क्षार असतो. ओल त्याला विरघळवून भिंतीच्या तोंडापर्यंत आणते. ओल उडून जाते, क्षार मागं राहतो आणि फुलतो."

"म्हंजे खार आत असाया पायजे, त्याला आणाया पाणी पायजे, आन् पाणी सुकाया हवा पायजे."

"काकू, माझ्या अर्ध्या वर्गाला हे दोन तासांत कळत नाही."

"वर्गाचं तू बघ. निरंजन म्हणतो नॅचरल असतं. त्याचं काय?"

"होणं नॅचरलच आहे. पण तो शब्द काय झालं एवढंच सांगतो, कुणामुळं झालं ते सांगत नाही. डॉक्टर ताप आहे म्हणाला, म्हणजे तापाचं कारण सांगितलं असं होतं का?"

मला पोरगी आवडली. मी तिला चवीचं सांगितलं. ती आधी रागावली, भिंत चाटतात का म्हणाली, मग म्हणाली, "कडू असेल तर सल्फेट असेल. तुमच्या मिठात ते जवळजवळ नसतं. बघता येईल."

शनिवारी तिनं कॉलेजातून एक लहान बाटली आणली. बेरियम क्लोराइड. विषारी आहे, हात लावायचा नाही, म्हणून मला टेबलापासून दोन हात लांब उभं केलं. तीन काचेचे पेले मांडले. एकात माझ्या मिरच्यांच्या मिठाचं पाणी. दुसऱ्यात भिंतीचा लोणा विरघळवून गाळलेलं पाणी. तिसऱ्यात मी स्वतः जाऊन आणलेलं खाऱ्या विहिरीचं पाणी. प्रत्येकात आधी ॲसिडचे दोन थेंब टाकले, मग बाटलीतले चार थेंब. माझ्या मिठाचा पेला तसाच नितळ राहिला. बाकीचे दोन्ही बघता बघता ताकासारखे पांढरे झाले.

मी तिच्या पाठीवर थाप मारली. ती म्हणाली, "थांबा काकू. तुमचं मीठ नाही, हे पक्कं. पण विहीरच आहे, हे एवढ्यावरून म्हणता येणार नाही. सल्फेट दुसरीकडूनही येऊ शकतं."

"विहिरीचं माझ्यावर सोड," मी म्हणाले.

आमच्या बाजूला बांधकामाला पाणी भिकूचा टँकर घालतो. मी त्याला काही विचारायला गेले नाही. फक्त निरोप धाडला, भूमिपूजनाला पाण्याचा टँकर घेऊन ये आणि जेवूनच जा.

अक्षय्य तृतीयेला सकाळी मांडव पडला. भावकी आली, शेजारपाजार आला, बंडोपंत गुरुजींनी चौरंग मांडला. निरंजननं रस्त्याकडेला स्वतःच्या फोटोचा फ्लेक्स लावला होता, माझ्या जमिनीवर. पांढरा शर्ट, हातात नारळ. साखरपुड्यातली ती बाईसुद्धा आली होती. तिला मी मुद्दाम बोलावलं होतं आणि मुद्दाम पुढं बसवलं होतं.

"गुरुजी, जरा थांबा," मी म्हणाले. "निरंजन, तो तुझा शब्द काय रं? माझ्या तोंडात बसत न्हाई."

"कोणता, काकी?"

"आमच्या भिंतीचा."

"एफ्लोरेसन्स." तो हसला. "आता कशाला ते?"

"समद्यांना कळू दे की. ज्याच्या त्याच्या तोंडी माझ्या मिरच्या हायेत. म्हंजे काय होतं रं त्यात?"

लोकांसमोर शिकवायला मिळतंय म्हटल्यावर गडी खुलला. "सोपं हाय. भिंतीच्या आत सॉल्ट असतं. पाणी त्याला बाहेर घेऊन येतं. पाणी सुकतं, सॉल्ट वर राहतं."

"भिंतीच्या आत?"

"व्हय, आत."

"गिलाव्यात?"

"गिलाव्यात, विटंत, कुटंबी."

"आन् गिलावा केला कुणी?"

मांडवात कुणीतरी खोकलं. निरंजनचं हसू ओठांवरच अडकलं. "काकी, तुमच्या मिरच्यांचं मीठ वरनं मुरून..."

"किमया, ये गं पोरी."

किमयानं बाकावर पेले मांडले आणि कशात काय आहे ते मोठ्यानं सांगितलं. थेंब टाकले. माझं मीठ नितळ, भिंत पांढरी, खारी विहीर पांढरी. जनार्दन उठून जवळ आला आणि खाली वाकून तिन्ही पेले बघत राहिला.

"बाईंनी कायतरी औषध घातलं," निरंजन म्हणाला. "आमी गिलाव्याला गोडं पाणी वापरलं. जनूदादा, तू सांग."

"मी कामावर होतो," जनार्दन म्हणाला. "मला काय ठाऊक?"

"ज्याला ठाऊक हाय तो तितं बसलाय," मी म्हणाले. "भिकू, उठ. माझ्या घराच्या गिलाव्याला टँकर कुटनं भरलास?"

भिकूनं निरंजनकडे बघितलं. "सायबांनी सांगितलं तितनं."

"सायबाचं न्हाई विचारलं. पाण्याचं विचारलं. माझं अन्न खायला आलायस, खोटं बोलशील तर बघ."

"खाऱ्या विहिरीतनं, आत्याबाई." तो खाली बघून बोलला. "गोड्या पाण्याला दोन दोन तास नंबर लागायचा. मी म्हणालो होतो, ते पाणी चालायचं न्हाई. सायब म्हणाले, म्हातारी यायच्या आत रंग लागला पायजे, तू टँकर खाली कर."

साखरपुड्यातली बाई पदर तोंडाला लावून बसली. कुणी हसलं नाही. जनार्दन निरंजनसमोर गेला आणि त्याच्या हातातला नारळ काढून घेतला. मला तेवढ्यानं बरं वाटलं, पण पुरेसं बरं नाही.

"काकी," निरंजन हळू आवाजात म्हणाला, आणि या खेपेला माझ्याकडे बघून म्हणाला, "घरात बोलायचं होतं की. चार लोकांत अशी इज्जत काढायची का?"

"माझी कुटं काढलीस? घरात?"

तो मांडवाबाहेर जायला वळला.

"मंग ऐक. ह्या जमिनीवर तुझी कुदळ पडायची न्हाई. आज न्हाई आन् मी मेल्यावरबी न्हाई, तसं वकिलाकडनं लिहून ठेवणार हाय. तो तुझा फोटो आत्ता खाली उतरव. उद्या सकाळपास्नं माझ्या घराचा गिलावा खरवडायला यायचं. माणसं घालून न्हाई, तू सोता, उकिडवा बसून. येणारा जाणारा इचारील काय झालं, तर दर माणसाला सांगायचं, काकीनं न्हाई, मी केलं. आन् शेवटच्या भिंतीची वीट उघडी पडंस्तवर माझ्या दारात तांब्याभर पाणी मागायचं न्हाई. तहान लागली तर विहीर कुटं हाय ते तुला चांगलं ठाऊक हाय."